चीक, सहाण आणि पहिला तास

«ताई, मी जीएनएमच्या, म्हणजे नर्सिंग डिप्लोमाच्या, तिसऱ्या वर्षाला आहे. सध्या लेबर रूमला पोस्टिंग चालू आहे. पुस्तकातलं एक आणि टेबलाजवळचं दुसरंच. बायका ओरडल्या की सिस्टर त्यांच्यावर ओरडतात, मांडीवर चापट मारतात, लागेल असं बोलतात. बाळ लवकर येत नसलं की कुणीतरी पोटावर जोर देतं. मी एका बाईचा हात धरून उभी राहिले, तर ‘असे लाड करत बसलीस तर बाकीची कामं कोण तुझी आई करणार?’ असं सगळ्यांसमोर ऐकलं. ट्यूटर म्हणतात, पुस्तकातलं परीक्षेत लिही, वॉर्डात सांगतील तसं कर.

घरी माझी मोठी बहीण पहिल्या बाळंतपणाला आली आहे. आजीने आत्तापासून सहाण घासून ठेवली आहे. चीक पिळून टाकायचा, मध चाटवायचा, घुटी, काजळ, सगळं ठरलेलं आहे. मी बोलले की म्हणते, ‘निम्म्या गावाच्या नाळा मी कापल्या, तू मला शिकवतेस?’ वॉर्डात मी लहान, घरीही मी लहान. वडिलांनी कर्ज काढून शिकवलं आहे. तरी वाटतं, परीक्षा देऊन हे सोडावं आणि एखाद्या लॅबमध्ये नोकरी धरावी. काय करू?

तिसऱ्या वर्षाची एक विद्यार्थिनी, मराठवाडा»

प्रिय मुली,

त्या बाईचा हात धरलास ते बरोबर केलंस. हे आधी लिहून टाकते, म्हणजे पुढे तुझ्याशी भांडायला मी मोकळी.

तू वॉर्डाची तक्रार वेगळी लिहिलीस आणि आजीची वेगळी. मला त्या दोन्ही एकच दिसतात. दोन्हीकडे तुझ्यासमोर अशी बाई आहे जिच्या हातून शेकड्याने बाळं जन्मली, आणि दोघींना तू तोंडाने हरवायला निघाली आहेस. त्या तोंडाने हरणाऱ्यातल्या नाहीत. मी चौतीस वर्षं या कामात काढली. उपकेंद्रावर एएनएम, म्हणजे गावपातळीवरची नर्स, म्हणून लागले, मध्ये आणखी शिकले, शेवटची अकरा वर्षं पोरींना मिडवायफरी शिकवली. एवढ्या वर्षांत नुसता वाद घालून मी एकाही म्हातारीची सहाण बंद करू शकले नाही.

आणि एक कबुली देते. ती ओरडणारी सिस्टर मीही होते. एका नाईटला टेबलं दोन, कळा देणाऱ्या बायका चार, सोबतीला एक मावशी. त्यातली एक टेबलावरून उतरायला बघत होती. तिला मी जे बोलले ते इथे लिहीत नाही. लेबर रूममध्ये बायकांना जे बोललं जातं ते तू ऐकलंच आहेस, त्यातलंच एक. बाळ सुखरूप झालं, मी विसरून गेले. पाच-सहा वर्षांनी ती एसटी स्टँडवर दिसली. मी तिला ओळखलं नाही, तिने मला ओळखलं. ती काही बोलली नाही. माझ्या बाजूला उभ्या असलेल्या मुलाला तिने फक्त ओढून आपल्या पलीकडच्या बाजूला घेतलं. तेव्हा मला ती रात्र आठवली.

सिस्टरांची बाजू घ्यायला हे सांगत नाही. डॉक्टर सिस्टरवर ओरडतात, सिस्टर मावशीवर, मावशी नातेवाइकांवर, आणि शेवटी जी आडवी पडलेली असते तिच्यावर सगळेच. कामाचा बोजा खरा आहे, रजिस्टरं खरी आहेत, पण चापटीला ते कारण होत नाही. हे नुसतं माझं मत नाही. २०१७ मध्ये केंद्र सरकारने सुरू केलेल्या ‘लक्ष्य’ कार्यक्रमात लेबर रूममधली सन्मानाची वागणूक हा तपासणीचाच भाग आहे. तुमच्याकडे भिंतीवर त्याचा तक्ता असेल. त्याच्याखाली उभं राहून आपण ओरडतो, हे मी कितीदा पाहिलं आहे.

तिथे तू काय करशील? सिस्टरला सगळ्यांसमोर नियम ऐकवू नकोस. बाळाचं डोकं दिसत असताना टेबलाजवळ वाद झाला तर त्याची किंमत टेबलावरची बाई मोजते. तुझ्याकडे एक गोष्ट आहे जी त्या खोलीत दुसऱ्या कुणाकडे नाही, आणि ती म्हणजे वेळ. रजिस्टर तुझं नाही, सामानाची मागणी तुझी नाही, फोन तुला येत नाही.

पोटावर जोर देण्याचं घे. त्याने गर्भाशयाला इजा होऊ शकते, खाली मोठी फाट जाऊ शकते, आणि बाळ त्याने सुखरूप येतं असा काही पुरावा नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१८ च्या बाळंतपणाच्या शिफारशींत ते करू नये असं सरळ लिहिलं आहे. पण हे तू त्या क्षणी म्हणालीस तर तुला खोलीबाहेर काढतील. त्याऐवजी कळा सुरू असल्यापासून त्या बाईशेजारी बस, तळहात तिच्या पोटावर हलका ठेव आणि घड्याळ बघ. दहा मिनिटांत किती कळा आल्या, प्रत्येक किती सेकंद टिकली, हे पार्टोग्राफसाठी, म्हणजे बाळंतपणाच्या प्रगतीच्या तक्त्यासाठी, कुणीतरी मोजायचंच असतं, आणि बहुतेकदा ते नंतर आठवून भरलं जातं. ते तू खरोखर मोज. कळ ओसरली की बाळाचे ठोके ऐक, मिनिटाला ११० ते १६० आहेत ना ते बघ, आणि आकडा मोठ्याने सांग. ज्या पोटावर कुणाचा तरी हात आधीच मोजत बसला आहे, तिथे कोपर टेकवायला माणूस जरा थांबतो. दरवेळी थांबतो असं नाही. नाही थांबला, तर त्या दिवसाची तारीख, वेळ आणि झालेली गोष्ट, कुणाला दूषण न देता, वहीत लिही आणि ट्यूटरसमोर ठेव. त्या म्हणतील, सोड. तरी ठेव. तीन पोरींनी तीन आठवडे अशा वह्या ठेवल्या की ट्यूटरला मेट्रनकडे जावं लागतं. मी ट्यूटर होते, मला ठाऊक आहे.

बाकीच्या लहान गोष्टींना कुणाची परवानगी लागत नाही. पीव्ही, म्हणजे आतून तपासणी, करण्याआधी ‘आता तपासते हं’ म्हणणं, अंगावर चादर ओढणं, घोटभर पाणी देणं, कूस बदलायला हात देणं. हात धरून उभं राहणंही त्यातच आलं.

आता बाळ आल्यानंतरचं. केसबुकातला रकाना भरला, सही मिळाली की पोरी टेबलापासून उठतात. बाळ वॉर्मरवर, आई टेबलावर, सिस्टर कागदांवर. तो पुढचा एक तास कुणाचाच नसतो. तो तू घे.

खरं तर त्याची तयारी बाळ यायच्या आधीच सुरू होते. अम्बू बॅगचा, म्हणजे बाळाला श्वास द्यायच्या पिशवीचा, मास्क स्वतःच्या तळहातावर घट्ट धरून दाबून बघ, हवा बाजूने निसटते का, झडप उघडते का. ज्या दिवशी ती लागते त्या दिवशी तपासायला सवड नसते. दोन टॉवेल वॉर्मरखाली गरम करायला ठेव. बाळ आलं की सरळ आईच्या पोटावर, आणि पहिल्या टॉवेलने पाठ, डोकं, हातपाय नीट कोरडे कर. तो ओला टॉवेल लगेच टाकून दे. आमच्या वेळी ओल्या टॉवेलातच गुंडाळून ठेवायच्या आणि मग पाय गार का, म्हणून विचारायच्या. बाळ रडत नसेल तर पाठ चोळ. तरी श्वास घेत नसेल तर ताबडतोब सिस्टरला हाक मार. पहिल्या मिनिटाच्या आत बॅग सुरू झाली पाहिजे. बाळ रडलं, गुलाबी झालं, तर नाळ कापायची घाई नको. एक ते तीन मिनिटं थांबलं की वारेतलं रक्त नाळेतून बाळाला मिळतं, पुढे महिनोन्‌महिने लोहाची शिदोरी होते. दरम्यान पोटात दुसरं बाळ नाही ना याची खात्री करून आईला ऑक्सिटोसिनचं १० युनिटचं इंजेक्शन मांडीत पहिल्या मिनिटात गेलं आहे ना, ते बघ.

मग टोपडं घालून बाळ आईच्या उघड्या छातीवर, कातडीला कातडी, वरून दुसरा टॉवेल. वजन तासाने केलं तरी चालतं. व्हिटॅमिन के चं इंजेक्शन, बीसीजी, पोलिओचा शून्य डोस, हिपॅटायटिस बी चा चोवीस तासांतला डोस, हे सगळं पुढे होईल. त्या तासात बाळाला फक्त तिथे राहू दे. तू कधी शांतपणे पाहिलं नसशील. वीस-पंचवीस मिनिटांनी ते मूठ चोखायला लागतं, मान उचलून आपटतं, पायाने आईच्या पोटाला रेटतं आणि सरकत सरकत स्तनापर्यंत जातं. कुणी न शिकवता. चौतीस वर्षांत मला या एका गोष्टीचा कंटाळा आला नाही.

आणि त्याच तासात आईला विसरू नकोस. हे माझ्या चुकीतून सांगते. सुरुवातीच्या वर्षांत एका बाळंतिणीला मी गरम चादर पांघरून दिली, बाळ दाखवलं, आणि पलीकडच्या टेबलाकडे गेले. ती गप्प पडली होती. मला वाटलं, दमली आहे, झोपली असेल. वरून चादर कोरडी. मावशीने जाता जाता चादर उचलली, कंबरेखालचं रबरी मॅकिन्टॉश वर केलं आणि म्हणाली, ‘ताई, इकडे या.’ खाली रक्ताचं थारोळं होतं. गर्भाशय सैल पडून कणकेच्या गोळ्यासारखं लागत होतं. वेळेत सावरलं, ते मावशीच्या नजरेमुळे. तेव्हापासून मी पोरींना सांगते, चादरीवर विश्वास ठेवू नका. पहिले दोन तास दर पंधरा मिनिटांनी नाडी, बीपी, पोटावर हात ठेवून गर्भाशय चेंडूसारखं टणक आहे का, आणि कंबरेखाली हात घालून ओल किती. आपल्याकडे बाळंतपणात बायका ज्या कारणांनी जातात त्यात रक्तस्राव पहिल्या ओळीत आहे, आणि त्यातला पुष्कळसा याच दोन तासांत होतो. सिस्टरकडे दर पंधरा मिनिटं नसतात. तुझ्याकडे आहेत. आठ-दहा दिवस तू हे करशील आणि आकडे केस पेपरवर लिहिशील, तेव्हा तीच सिस्टर तुला विचारेल, ‘तीन नंबरची कशी आहे गं?’ तिथून तुझं ऐकायला सुरुवात होते.

आता आजी.

आजीला चूक म्हणण्याआधी तिच्याजवळ बसून एक प्रश्न विचार: नाळ कापायला आधी काय वापरायचीस? ती सांगेल, विळा, कुठे कोयता, कुठे घरात असेल ते. मग विचार, पुढे काय वापरायला लागलीस? ती म्हणेल, नवीन ब्लेड. कुणी शिकवलं? सरकारी दाई प्रशिक्षणात नवं ब्लेड, स्वच्छ दोरा, स्वच्छ हात हे शिकवायचे, दायांना सामानाची पेटीही द्यायचे. तुझी आजी त्यात गेली असण्याची शक्यता पुष्कळ. आणि पूर्वी आठव्या-दहाव्या दिवशी दूध सोडून, दात आवळून, आकडी येऊन जाणारी बाळं तिने पाहिली असतील. तो धनुर्वात होता. आईला टोचलेली लस आणि स्वच्छ नाळ, एवढ्यावर तो मागे हटला. २०१५ मध्ये माता आणि नवजात बालकांच्या धनुर्वाताचं भारतात निर्मूलन झाल्याचं जागतिक आरोग्य संघटनेने मान्य केलं. त्यात तुझ्या आजीच्या ब्लेडचाही वाटा आहे, हे तिला कुणी सांगितलंय का? तू सांग. जिने एकदा विळा टाकून ब्लेड घेतलं, ती पुन्हा शिकू शकते. तिला शिकवणारी नात नको आहे, तिला मोजणारी नात हवी आहे.

मग चिकाकडे ये. पुस्तकातलं प्रतिपिंडांचं पान उघडू नकोस. गोठ्यातलं बोल. गाय व्याली की आजी आधी काय करायची? वासराला उभं करून चीक पाजायची. चीक न मिळालेलं वासरू तगत नाही हे तिला तुझ्या प्राध्यापकांच्या आधीपासून माहीत आहे. खरवस झाला तो वासराचं पोट भरून उरलेल्याचा. वासराला जे सोडत नाही ते ताईच्या लेकराच्या तोंडचं का पिळून टाकायचं, एवढंच विचार आणि गप्प बस. उत्तराची वाट बघू नकोस. तरीही बोलणं लांबलंच तर सांग की मुंबईत शीवच्या लोकमान्य टिळक रुग्णालयात डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनी १९८९ साली आशियातली पहिली दूधपेढी सुरू केली. तिथे आयांचं दूध उणे २० अंशांवर गोठवून, कमी दिवसांच्या, कमी वजनाच्या बाळांना थेंबाथेंबाने दिलं जातं. आपण मोरीत टाकतो ते तिथे जपून ठेवतात.

मध अजिबात नको, आणि इथे तडजोड नाही. मधात काही वेळा एका जंतूची बीजं असतात, आपल्याला ती काही करत नाहीत, पण वर्षाच्या आतल्या बाळाच्या आतड्यात ती रुजली तर विष तयार होतं आणि बाळ लुळं पडतं. घुटीचंही तसंच. वेखंड, हळकुंड, मुरडशेंग, जायफळ यांच्याशी माझं वैर नाही. पण सहाण कोणत्या पाण्याने धुतली, कोणत्या फडक्याने पुसली, वेखंडाचे वळसे एक जास्त पडले की बाळ किती वेळ गुंगीत राहिलं, हे कुणी लिहून ठेवत नाही. सहा महिने फक्त अंगावरचं दूध, वरचं पाणीसुद्धा नाही. सहाण फडताळात ठेवायची. काजळ डोळ्यांत नको, काही काजळांत शिसं सापडतं. पण आजीला दृष्टीची भीती वाटते ती खरी आहे, म्हणून तीट टोपड्याला लावू दे. नाका-कानात तेल नको. बंद खोलीत कोळशाची शेगडी नको, तिच्यातून निघणाऱ्या विषारी वायूला वासही नसतो आणि झोपेतच घात होतो. नाळेवर काही लावायचं नाही, ती आपली वाळून पडते. आंघोळ पहिला पूर्ण दिवस तरी नको.

आणि सोडून द्यायचं ते मोकळ्या मनाने सोड. नाहीतर तुझ्या प्रत्येक ‘नको’चं वजन सारखंच होऊन बसेल आणि मधाचा ‘नको’ त्यात हरवेल. डिंकाचे लाडू, अळिवाची खीर, बाळंतशेपा, जेवणानंतर ओवा, ताईच्या अंगाला तेल, डोक्याला बांधलेला रुमाल, सगळं चालू दे. फक्त ‘बाळंतिणीने पाणी कमी प्यावं’ हे आजीच्या तोंडून आलं तर तिथे हसून तांब्या ताईच्या उशाशी ठेव. दूध पाजणाऱ्या बाईला तहान लागते, आणि लाडूही पाण्याशिवाय उतरत नाही. लोहाच्या आणि कॅल्शियमच्या गोळ्या बाळंतपणानंतर १८० दिवस असतात, त्या डिंकाच्या डब्यावरच ठेव, विसरणार नाहीत.

आजीला कामंही दे. रिकामी म्हातारी सहाण शोधते. २०१६ पासून केंद्र सरकारने सार्वजनिक रुग्णालयांत बाळंतपणाच्या वेळी सोबतीण ठेवायला परवानगी दिली आहे, आणि ती शक्यतो स्वतः बाळंतपणातून गेलेली बाई असावी असं म्हटलं आहे. तुझ्या आजीइतकी लायक कोण सापडणार? ताईचं नाव जिथे घातलं आहे तिथे आधीच जाऊन विचार. कळांमध्ये पाठ चोळायला, ‘झालंच आता’ म्हणायला आजी उभी असली की दोन गोष्टी एकदम होतील. ताईला कुणी चापट मारणार नाही. आणि पहिल्या तासात बाळ छातीवर सरकत जाऊन चीक ओढतं, ते आजी स्वतःच्या डोळ्यांनी बघेल. आजीने इतकी बाळं काढली, पण प्रत्येक वेळी ती वार पडायची वाट बघण्यात नाहीतर बाळाला आंघोळ घालण्यात गुंतलेली असणार. ते सरकणं तिने बहुधा पाहिलेलंच नाही.

बाळ अडीच किलोच्या आत भरलं तर डॉक्टर कांगारू पद्धत सांगतील, आईच्या छातीशी कातडीला कातडी, जमेल तितके तास. ते आईनेच करायला हवं असं नाही. ताई जेवायला, झोपायला उठली की आजीच्या छातीशी दे. आजीला ही गोष्ट कुणी समजावून सांगावी लागत नाही, लुगड्यात गुंडाळून नातवंडं तिने वाढवलीच आहेत.

पाचवी पूजू दे. सटवाई नशीब लिहायला येते म्हणून रात्रभर दिवा जागता ठेवायचा, बाळाजवळ कुणीतरी बसायचं, ही मला फार उपयोगाची रूढी वाटते. त्या रात्री तू बाळाजवळ बस आणि श्वास मोज. पोटावरचं झबलं वर करून, बाळ शांत असताना, पूर्ण एक मिनिट. साठ किंवा त्याच्या वर भरले तर पुन्हा एकदा मोज. पुन्हा तितकेच भरले तर सटवाईची वाट न बघता गाडी बोलाव. दूध ओढत नाही, अंग गार किंवा तापलेलं, बरगड्यांखाली खड्डा पडतोय, आकडी, बाळ मलूल, पहिल्या दिवसातच पिवळं किंवा नंतर तळहात-तळपाय पिवळे, बेंबीभोवती लाली किंवा पू, यातलं काहीही दिसलं तरी तेच. १०२ किंवा १०८. सरकारी रुग्णालयात बाळंतपण, औषधं, आजारी नवजात बाळाचे उपचार आणि येण्या-जाण्याची गाडी जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमात मोफत आहे. कुणी पैसे मागितले तर हे माहीत असू दे. आशाताई तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी घरी येतील. त्या आल्या की आजीलाही शेजारी बसव.

हे घरातलं श्वास मोजणं फार किरकोळ वाटलं का तुला? गडचिरोलीत डॉ. अभय आणि राणी बंग यांच्या ‘सर्च’ने ३९ गावांत थोडंफार शिकलेल्या गावातल्याच बायकांना नवजात बाळांची घरी देखभाल शिकवली. श्वास मोजायचा, ऊब द्यायची, दूध पाजण्यात मदत करायची, जंतुसंसर्ग ओळखून औषध द्यायचं. त्या गावांतले नवजात बाळांचे मृत्यू ६२ टक्क्यांनी उतरले. १९९९ मध्ये ते ‘लॅन्सेट’मध्ये छापून आलं, आणि आज आशाताई ज्या भेटी देतात त्यांचं मूळ तिथे आहे. त्या आरोग्यदूतांकडे तुझ्यासारखं जीएनएमचं प्रमाणपत्र नव्हतं. गावातल्या म्हाताऱ्या त्यांनाही लहानच समजत असणार.

राहिला लॅबचा प्रश्न. लॅबमध्ये काम करायला त्याचं वेगळं शिक्षण लागतं, तिथे तुझी तीन वर्षं कुणी मोजणार नाही, आणि वडिलांचं कर्ज दुप्पट होईल. पण तेवढ्यासाठी थांब असं मी म्हणत नाही. परीक्षा दे, महाराष्ट्र नर्सिंग कौन्सिलची नोंदणी करून घे आणि मग दोन वर्षं लेबर रूममध्येच काढ. खाजगीत पगार कमी देतात, नाईटा जास्त लावतात, हे आधीच ऐकून ठेव. जिथे बाळंतपणं भरपूर होतात आणि एखादी तरी शिकवणारी सिस्टर आहे अशी जागा धर, हजार रुपये कमी मिळाले तरी. कारण तुला जे खुपतं आहे ते सरकारनेही कागदावर मान्य केलं आहे. २०१८ च्या मिडवायफरी सेवांच्या मार्गदर्शक सूचनांनुसार जीएनएम किंवा बीएस्सी झालेल्या, अनुभवी नर्सला अठरा महिन्यांचं वेगळं शिक्षण घेऊन ‘नर्स प्रॅक्टिशनर इन मिडवायफरी’ होता येतं. साध्या बाळंतपणांची जबाबदारी तिची, बाईला हवं त्या स्थितीत, सन्मानाने बाळंत करणं हा तिच्या शिक्षणाचाच गाभा. जागा अजून थोड्या आहेत. पण हात धरून उभं राहणाऱ्या पोरी त्या जागांवर गेल्या नाहीत तर तिथेही कोण जाईल ते तुला माहीत आहे.

आणि दोन वर्षांनी एखाद्या नाईटला तुझ्या तोंडून ते वाक्य निघालंच, तर स्वतःला फासावर चढवू नकोस. सकाळी ड्यूटी संपली की त्या बाईच्या खाटेशी जा आणि ‘रात्री मी चुकीचं बोलले’ एवढं म्हण. मी कधी गेले नाही. परत परत तसंच व्हायला लागलं तर बदली मागून घे, एसएनसीयू, म्हणजे आजारी नवजात बाळांचा विभाग, बघ, लसीकरण बघ. त्यात कमीपणा नाही.

ताईची तारीख तू लिहिली नाहीस. पहिलं आहे, दोन-तीन आठवडे आधीही होऊ शकतं, म्हणून पिशवी या आठवड्यातच भर: माता-बाल सुरक्षा कार्ड, आधार, सोनोग्राफीचे कागद, उन्हात वाळवलेले जुन्या मऊ सुती लुगड्याचे चार तुकडे, दोन टोपडी, पायमोजे, ताईसाठी पुढून उघडणारे गाऊन, पॅड, पाण्याची बाटली. लुगड्याचे तुकडे आजीकडून फाडून घे. कुठलं लुगडं मऊ आहे ते तिलाच माहीत असतं.

तुझी,
सदरवाली ताई